पोर्ट कोणासाठी उघडा आहे? फायरवॉलचे नियम लावण्याची आणि आवरण्याची रीत

फायरवॉल म्हणजे नेटवर्कवरून काय आत-बाहेर सोडायचं आणि काय अडवायचं ते ठरवणारा पहारेकरी. कुठल्याही जुन्या फायरवॉलच्या नियमांची यादी उघडा, एक तरी ओळ अशी सापडतेच: पोर्ट ८०८०, स्रोत 'कुठूनही', शेरा 'टेस्ट'. कोणी लिहिली, कशासाठी लिहिली, कोणाला आठवत नाही. काढायला हात धजावत नाही, कारण काढली आणि काही बंद पडलं तर बोल आपल्यावर येणार. म्हणून ती तशीच राहते. वर्षा-दोन वर्षांत अशा ओळींची रांग लागते आणि 'फायरवॉल चालू आहे' एवढंच समाधान हातात उरतं.

या लेखात मी एकच शिस्त धरून चालणार आहे. प्रत्येक उघड्या पोर्टबद्दल तीन उत्तरं लेखी हवीत: पलीकडे कोणता प्रोग्रॅम ऐकतोय (म्हणजे जोडणीची वाट पाहतोय), तो कोणासाठी ऐकतोय आणि कधीपर्यंत. यातल्या एकाचंही उत्तर मिळत नसेल तर तो पोर्ट उघडा राहता कामा नये. चार संगणकांचं ऑफिस असो की चारशेंचं, रीत तीच. कमांडची नावं इथे उच्चाराप्रमाणे लिहिली आहेत; टाइप करताना अर्थातच रोमन अक्षरं वापरायची.

आधी थोडं पोर्टविषयी

पोर्ट म्हणजे आलेला डेटा संगणकावरच्या कोणत्या प्रोग्रॅमकडे जायचा ते सांगणारा १६ बिटांचा एक आकडा, त्यामुळे तो ० ते ६५५३५ यांच्यामध्येच असतो. टीसीपी आणि यूडीपी या डेटा पाठवण्याच्या दोन पद्धती. टीसीपीचे पोर्ट वेगळे आणि यूडीपीचे वेगळे. टीसीपीचा ५३ बंद केला म्हणून यूडीपीचा ५३ बंद होत नाही. नवख्या माणसाची पहिली चूक बहुतेक इथेच होते. १०२३ पर्यंतचे आकडे प्रसिद्ध सेवांसाठी राखलेले, १०२४ ते ४९१५१ नोंदणीचे आणि त्यापुढचे तात्पुरत्या वापराचे, अशी ढोबळ वाटणी आहे.

तुमचा ब्राउझर एखाद्या साइटच्या ४४३ शी बोलतो तेव्हा स्वतःच्या बाजूला असाच एक तात्पुरता पोर्ट घेतो. विंडोजवर तो ४९१५२ च्या पुढचा असतो, लिनक्सवर साधारणपणे ३२७६८ ते ६०९९९ मधला. आलेलं उत्तर आत यावं म्हणून हे हजारो पोर्ट उघडून ठेवलेले मी पाहिले आहेत. त्याची काहीएक गरज नाही. आजच्या फायरवॉल संवादाची आठवण ठेवतात. आतून बाहेर विचारणा गेली होती हे त्यांना ठाऊक असतं, त्यामुळे तिचं उत्तर आपोआप आत येतं. नियम लिहायचे ते फक्त नव्याने सुरू होणाऱ्या संवादासाठी.

पोर्ट खऱ्या अर्थाने उघडा असायला दोन गोष्टी जुळाव्या लागतात: त्यावर कोणीतरी प्रोग्रॅम ऐकत असला पाहिजे आणि फायरवॉलने वाट दिलेली असली पाहिजे. वाट दिली आहे पण ऐकणारा कोणी नाही, असा नियम आज निरुपद्रवी वाटतो. पण उद्या कोणी त्याच आकड्यावर एखादा प्रोग्रॅम चाचणीसाठी सुरू केला की तो थेट जगासमोर जातो, आणि सुरू करणाऱ्याला त्याचा पत्ताही नसतो.

पायरी १: आत कोण ऐकतंय ते पाहा

फायरवॉलला हात लावण्याआधी प्रत्येक संगणकावर जाऊन ही यादी काढा. विंडोजवर कमांड प्रॉम्प्ट ॲडमिन म्हणून उघडा आणि नेटस्टॅट ही कमांड ए, एन, ओ या पर्यायांसह चालवा. 'लिसनिंग' लिहिलेल्या ओळी आपल्या कामाच्या. शेवटच्या रकान्यातला आकडा म्हणजे प्रोसेसचा क्रमांक. टास्क मॅनेजरच्या 'डिटेल्स' पानावर तो शोधला की प्रोग्रॅमचं नाव मिळतं. यूडीपीच्या ओळींपुढे 'लिसनिंग' असं काही लिहिलेलं नसतं, म्हणून त्या गाळून टाकू नका. लिनक्सवर एसएस ही कमांड टी, यू, एल, एन, पी या पाच पर्यायांसह सुडो (ॲडमिनचे अधिकार देणारी कमांड) लावून चालवा. सुडो विसरलात तर पोर्ट दिसतात, पण इतरांच्या प्रोग्रॅमची नावं दिसत नाहीत. मॅकवर एलएसओएफ हेच काम करते.

आता नजर पत्त्याच्या रकान्यावर ठेवा, कारण खरी माहिती तिथे आहे. १२७.०.०.१ लिहिलं असेल तर तो प्रोग्रॅम फक्त त्याच संगणकावरच्या इतर प्रोग्रॅमसाठी ऐकतोय. बाहेरून त्याला कोणी हाक मारू शकत नाही. ०.०.०.० असेल तर तो संगणकाच्या सगळ्या नेटवर्क कार्डांवर, म्हणजे येईल त्याच्यासाठी ऐकतोय. आयपीव्ही६ या पत्त्यांच्या नव्या पद्धतीत याच दोन गोष्टी अनुक्रमे दोन विसर्ग व १, आणि नुसते दोन विसर्ग अशा दिसतात.

हा फरक किती महागात पडतो ते जानेवारी २०१७ मध्ये दिसलं. मोंगोडीबीचे हजारो डेटाबेस २७०१७ या पोर्टवर पासवर्डशिवाय इंटरनेटवर उघडे होते. हल्लेखोरांनी त्यांतला डेटा पुसला आणि मागे खंडणीची चिठ्ठी ठेवली. कुलूप तोडावं लागलंच नाही, कारण कुलूप नव्हतंच. पुढे ३.६ या आवृत्तीपासून मोंगोडीबी मुळातच फक्त १२७.०.०.१ वर ऐकू लागला. जुनी सेटिंगची फाइल नव्या आवृत्तीत जशीच्या तशी उचलून आणली असेल तर मात्र ही सुधारणा तुमच्या वाट्याला येत नाही.

यादीतली प्रत्येक ओळ एका तक्त्यात उतरवा: संगणक, पोर्ट, टीसीपी की यूडीपी, प्रोग्रॅम, पत्ता, जबाबदार माणूस. शेवटचा रकाना भरताना सगळ्यात जास्त वेळ जातो आणि तोच सगळ्यात कामाचा ठरतो.

पायरी २: बाहेरून काय दिसतं ते तपासा

आतली यादी अर्धीच गोष्ट सांगते. उरलेली अर्धी बाहेरून पाहिल्याशिवाय कळत नाही, कारण मध्ये राउटर आहे, क्लाउडची स्वतःची फायरवॉल आहे, कोणीतरी कधीतरी लावलेलं पोर्ट फॉरवर्डिंग (बाहेरून आलेलं आतल्या संगणकाकडे वळवणारी सोय) आहे. यासाठीचं नेहमीचं हत्यार म्हणजे एनमॅप. ते पोर्ट स्कॅन करतं, म्हणजे एकेक पोर्ट ठोठावून पाहतं. गॉर्डन लायन यांनी ते १९९७ मध्ये लिहिलं आणि अजून त्याला तोड नाही.

स्कॅन खरोखर बाहेरून करा. ऑफिसच्या वायफायवर बसून स्वतःच्याच सार्वजनिक पत्त्यावर केलेलं स्कॅन फसवं निघू शकतं, कारण राउटर ते पॅकेट (डेटाचा तुकडा) बाहेर न जाऊ देता परस्पर आत वळवू शकतो. मोबाइलच्या डेटावर लॅपटॉप जोडला तरी काम भागतं. आणखी एक खाचखळगा: एनमॅप सांगितल्याशिवाय फक्त जास्त वापरले जाणारे १००० पोर्ट पाहतं. सगळे ६५५३५ पाहायचे असतील तर पी या पर्यायाला लागून आणखी एक डॅश द्यावा लागतो. विसरलेला पोर्ट बहुधा त्या हजारांबाहेरच असतो.

उत्तरं तीन प्रकारची येतात. 'ओपन' म्हणजे ऐकणारा आहे आणि वाटही आहे. 'क्लोज्ड' म्हणजे पॅकेट पोचलं, पण ऐकणारा नाही. 'फिल्टर्ड' म्हणजे मध्येच कोणीतरी पॅकेट गिळलं. फायरवॉल नीट लागली असेल तर तुम्ही मुद्दाम उघडलेले मोजके पोर्ट सोडून बाकी सगळीकडे 'फिल्टर्ड' दिसेल. भलतीकडे 'क्लोज्ड' दिसला तर वाट मोकळी आहे असं समजा आणि कारण शोधा. यूडीपीचं स्कॅन वेगळं करावं लागतं. ते फार हळू चालतं आणि बऱ्याचदा 'ओपन किंवा फिल्टर्ड' असं गोलमाल उत्तर देतं. सगळे यूडीपी पोर्ट तपासत बसू नका. ५३, १२३, १६१, १९००, ११२११ असे नेहमीचे पाहिले तरी पुष्कळ.

स्वतःच्या किंवा लेखी परवानगी असलेल्या नेटवर्कवरच हे करायचं. दुसऱ्याचं नेटवर्क कुतूहल म्हणून स्कॅन करणं अनेक ठिकाणी कायद्याच्या कचाट्यात येतं.

'आमच्यासारख्या छोट्यांना कोण शोधत बसणार?' हा प्रश्न हमखास येतो. शोधत बसावं लागतच नाही. मिशिगन विद्यापीठातल्या संशोधकांनी २०१३ मध्ये झेडमॅप हे साधन प्रसिद्ध केलं. गिगाबिट जोडणी असलेल्या एकाच संगणकावरून अख्ख्या आयपीव्ही४ इंटरनेटवरचा एक पोर्ट ते ४५ मिनिटांच्या आत तपासत असे. त्या चाळणीत मोठे आणि छोटे सारखेच पडतात.

पायरी ३: एकेका पोर्टचा निकाल लावा

दोन्ही याद्या शेजारी ठेवा आणि प्रत्येक ओळीला चारांपैकी एक निकाल द्या. पहिला पर्याय, सेवाच बंद करणं. छपाई न करणाऱ्या सर्व्हरवर छपाईची सेवा कशाला हवी? बंद केलेल्या प्रोग्रॅमला फायरवॉलची राखण लागत नाही. दुसरा, सेवा ठेवायची पण १२७.०.०.१ वर बांधायची. वेब ॲप आणि डेटाबेस एकाच संगणकावर असतील तर हेच योग्य. तिसरा, ठरावीक पत्त्यांपुरती वाट देणं. चौथा, सगळ्या जगाला. हा शेवटचा निकाल वेबसाइटचे ८० आणि ४४३, मेल घेणाऱ्या सर्व्हरचा २५, स्वतःचा डोमेन सांभाळणाऱ्या डीएनएस सर्व्हरचा (नावावरून पत्ता सांगणाऱ्याचा) ५३ आणि व्हीपीएनचा (बाहेरून आतल्या नेटवर्कात येण्याच्या कुलूपबंद वाटेचा) पोर्ट, यांपलीकडे क्वचितच द्यावा लागतो.

काही आकड्यांबद्दल मात्र वाटाघाट नको.

४४५ हा विंडोजच्या फाइल शेअरिंगचा पोर्ट इंटरनेटला कधीही दिसता कामा नये. १२ मे २०१७ ला पसरलेला वॉनाक्राय हा खंडणी मागणारा वर्म (आपला आपण पसरणारा घातक प्रोग्रॅम) याच वाटेने एका संगणकावरून दुसऱ्यावर जात होता. तो ज्या दोषातून शिरायचा, त्याचा पॅच (दुरुस्ती) मायक्रोसॉफ्टने १४ मार्चलाच दिला होता, म्हणजे जवळजवळ दोन महिने हातात होते. पॅच राहिला पण ४४५ बंद होता, अशी नेटवर्कं बाहेरून आलेल्या पहिल्या धक्क्यातून वाचली. आत शिरल्यावर तो मोकाट सुटत होता, त्याकडे पुढे येऊ.

३३८९, म्हणजे रिमोट डेस्कटॉप. घरून काम करायचं म्हणून हा राउटरवर सरळ उघडला जातो. त्या क्षणापासून जगभरातून पासवर्डचे अंदाज बांधले जाऊ लागतात. लॉग उघडून पाहिलात तर हे स्वतःच्या डोळ्यांनी दिसेल. याच्यापुढे व्हीपीएन ठेवा. वायरगार्ड हे व्हीपीएन लावलं तर एकच यूडीपी पोर्ट उघडावा लागतो, सहसा ५१८२०, आणि ओळखीची किल्ली नसलेल्या पॅकेटला ते उत्तरच देत नाही. स्कॅन करणाऱ्याला तिथे काही आहे हेही कळत नाही.

२३, म्हणजे टेलनेट, दूरून लॉगिन करण्याची जुनी पद्धत. कॅमेरे, रेकॉर्डर, जुने राउटर यांच्यात हा अजूनही सापडतो. २०१६ मध्ये मिराई या बॉटनेटने (ताब्यात घेतलेल्या उपकरणांच्या फौजेने) २३ आणि २३२३ वर कारखान्यातून आलेले पासवर्ड वापरून असंख्य उपकरणं ताब्यात घेतली. त्या फौजेने २१ ऑक्टोबरला डिन या डीएनएस कंपनीवर केलेल्या हल्ल्यात कितीतरी मोठ्या साइट काही तास मिळेनाशा झाल्या. टेलनेट बंदच होत नसेल असं उपकरण इंटरनेटपासून तोडून ठेवा.

डेटाबेस आणि कॅशचे पोर्ट, ३३०६, ५४३२, ६३७९, २७०१७, ९२००, ११२११, फक्त त्या-त्या ॲप सर्व्हरला दिसले पाहिजेत. यांतल्या मेमकॅश्ड या कॅशच्या ११२११ ची गंमत अशी की तो उघडा ठेवणाऱ्यापेक्षा त्रास दुसऱ्यालाच जास्त होतो. छोटीशी यूडीपी विचारणा खोट्या पत्त्याने पाठवायची, आणि सर्व्हर तिचं प्रचंड मोठं उत्तर त्या बिचाऱ्या पत्त्यावर फेकतो. २८ फेब्रुवारी २०१८ ला गिटहब या साइटवर अशाच उघड्या मेमकॅश्डमधून सेकंदाला १.३५ टेराबिटचा मारा झाला.

एसएसएचचा (दूरच्या संगणकावर सुरक्षित लॉगिन करण्याच्या पद्धतीचा) २२ बदलून दुसरा आकडा घ्यावा का, यावर वाद घालणाऱ्यांचा उत्साह कधी कमी होत नाही. हा २२ मुळात टाटू युलोनेन यांनी १९९५ मध्ये मागून घेतला, कारण एफटीपीचा २१ आणि टेलनेटचा २३ यांच्या मधला तो रिकामा होता. माझं मत: आकडा बदलल्याने लॉगमधला कचरा कमी होतो, सुरक्षा वाढत नाही. पासवर्डने लॉगिन बंद करून किल्लीने सुरू करा आणि स्रोत पत्ते मर्यादित करा. मग आकडा कुठलाही असो.

पायरी ४: नियम लिहा

पाया एकच: आत येणारं सगळं नाकारायचं आणि हवं तेवढंच नाव घेऊन सोडायचं. 'वाईट पोर्ट बंद करू' या वाटेला जाऊ नका. ६५ हजारांतले वाईट कोणते हे मोजून संपत नाही. विंडोज एक्सपीने ऑगस्ट २००४ च्या दुसऱ्या सर्व्हिस पॅकपासून फायरवॉल आपोआप चालू ठेवायला सुरुवात केली, त्यामागेही हाच धडा होता. आदल्याच वर्षी ब्लास्टर नावाचा वर्म पोर्ट १३५ मधून घुसून गेला होता.

उबंटू या लिनक्सवर यूएफडब्ल्यू ही फायरवॉल सोपी आहे. आधी येणारं नाकारण्याचं आणि जाणारं सोडण्याचं डिफॉल्ट धोरण लावा. मग एसएसएचला वाट द्या, शक्य तर ठरावीक पत्त्यावरूनच. मग वेबचे पोर्ट. सगळ्यात शेवटी 'एनेबल'. हा क्रम उलटा झाला तर काय होतं ते पुढच्या पायरीत. प्रत्येक नियमाला 'कॉमेंट' जोडण्याची सोय आहे. तिथे जबाबदार माणूस आणि तारीख लिहा. 'अलाव'ऐवजी 'लिमिट' लिहिलं तर एकाच पत्त्यावरून ३० सेकंदांत सहा किंवा अधिक जोडण्यांचा प्रयत्न झाल्यावर तो पत्ता अडवला जातो.

फेडोरा आणि रेड हॅट या लिनक्सच्या घराण्यात फायरवॉलडी ही फायरवॉल असते. तिथे 'परमनंट' न लिहिता दिलेला नियम लगेच लागू होतो पण रीस्टार्टनंतर नाहीसा होतो. 'परमनंट' लिहून दिलेला टिकतो पण 'रीलोड' केल्याशिवाय लागू होत नाही. दोन्हीकडून लोक फसतात. मला तिचा 'टाइमआउट' हा पर्याय फार आवडतो. एखाद्याला तासाभरासाठी पोर्ट हवा असेल तर तेवढ्याच मुदतीचा नियम द्या, वेळ संपली की तो आपला आपण जातो. 'कधीपर्यंत' या प्रश्नाचं इतकं सरळ उत्तर दुसरं नाही.

विंडोजमध्ये डोमेन, प्रायव्हेट आणि पब्लिक अशी तीन प्रोफाइलं असतात. नियम लिहिताना तिन्हींवर खूण करण्याचा मोह टाळा, नाहीतर ऑफिससाठी दिलेली वाट बाहेरच्या मोफत वायफायवरही उघडी राहते. विंडोजमध्ये 'ब्लॉक' हा 'अलाव'वर मात करतो, आणि यातून एक हमखास कोडं तयार होतं. नवा प्रोग्रॅम पहिल्यांदा ऐकू लागला की खिडकी उघडते, माणूस घाईत 'कॅन्सल' दाबतो, आणि विंडोज त्या प्रोग्रॅमसाठी गुपचूप ब्लॉकचा नियम लिहून ठेवतं. पुढे तुम्ही पोर्टसाठी कितीही 'अलाव' लिहा, काही चालत नाही. अशा वेळी इनबाउंड यादीत त्या प्रोग्रॅमच्या नावाने ब्लॉकचा नियम शोधा.

आयपीटेबल्स (लिनक्समध्ये नियम लावण्याचं जुनं साधन), यूएफडब्ल्यू आणि बहुतेक राउटर मात्र नियम वरून खाली वाचतात आणि पहिला जुळणारा नियम लावून थांबतात. वर 'सगळ्यांना सोडा' असेल तर खालचं 'याला अडवा' कधी वाचलंच जात नाही. नेमके नियम वर, ढोबळ खाली.

आणि कृपा करून आयसीएमपी (पिंग आणि नेटवर्कच्या अडचणींचे निरोप नेणारी पद्धत) सरसकट बंद करू नका. पिंगला उत्तर न देण्याने तुम्ही अदृश्य होत नाही. पण 'पॅकेट फार मोठं आहे' हा निरोप अडला की विचित्र दुखणं सुरू होतं: लॉगिन होतं, छोटी पानं उघडतात, मोठी फाइल मात्र अर्ध्यात लटकते. आयपीव्ही६ मध्ये तर शेजारचा संगणक शोधण्याचं कामही आयसीएमपीच करतं. ते बंद म्हणजे नेटवर्कच बंद.

पायरी ५: स्वतःला बाहेर कोंडू नका

दूरच्या सर्व्हरवर फायरवॉल चालू केली, एसएसएचचा नियम द्यायला विसरलो, आणि समोरचा कर्सर गोठला. हे मी करून बसलो आहे, तेही रात्री, सर्व्हरजवळ कोणी नसताना. सकाळी कोणीतरी तिथे पोचून कळफलक जोडेपर्यंत मी फक्त पिंग पाठवत होतो. तेव्हापासून तीन गोष्टी चुकवत नाही.

पहिली, उलटा फिरणारा गजर. बदल करण्याआधी ॲट किंवा क्रॉन या ठरल्या वेळी काम चालवणाऱ्या साधनांमधून 'दहा मिनिटांनी फायरवॉल बंद कर' असं काम लावून ठेवतो. सगळं नीट चाललं तर ते रद्द करायचं, अडकलो तर दहा मिनिटं थांबायचं. आयपीटेबल्ससोबत येणारी आयपीटेबल्स-अप्लाय हेच करते. ज्युनिपरच्या उपकरणांत 'कमिट कन्फर्म्ड' आहे, पक्कं केलं नाही तर दहा मिनिटांत जुनी सेटिंग परत येते.

दुसरी, चालू असलेलं सत्र बंद न करता नवं सत्र उघडून पाहणं. जुनं सत्र चालतंय म्हणजे नियम बरोबर आहे असं नाही. आधीपासून जुळलेली जोडणी फायरवॉल सहसा तोडत नाही. खरी परीक्षा नव्या जोडणीची. तिसरी, दुसरी वाट: क्लाउडचा कन्सोल, सर्व्हरचं व्यवस्थापन कार्ड, किंवा तिथे प्रत्यक्ष बसलेला माणूस.

फायरवॉलला वळसा घालणाऱ्या वाटा

डॉकर ही यातली सगळ्यात फसवी. प्रोग्रॅम कंटेनर नावाच्या वेगळ्या डब्यात चालवण्याचं हे साधन. कंटेनरचा पोर्ट प्रकाशित केला की डॉकर आयपीटेबल्समध्ये स्वतःचे नियम लिहितो आणि ते पॅकेट यूएफडब्ल्यूच्या नियमांपर्यंत पोचतच नाही. यूएफडब्ल्यू छातीठोकपणे सांगते की ५४३२ बंद आहे, आणि बाहेरून डेटाबेस सताड उघडा. उपाय सोपा: पोर्ट प्रकाशित करताना पुढे १२७.०.०.१ लिहा. बाहेर दाखवणं भागच असेल तर 'डॉकर-यूझर' नावाच्या साखळीत नियम घाला. पायरी २ मधलं बाहेरचं स्कॅन का हवं, ते इथे पटतं.

दुसरी वाट आयपीव्ही६. आयपीव्ही४ मध्ये राउटरच्या पत्ते बदलण्याच्या पद्धतीमुळे आतले संगणक आपसूक आडोशाला असतात. आयपीव्ही६ मध्ये प्रत्येक उपकरणाला थेट पोचता येईल असा पत्ता मिळू शकतो, मग आडोसा फक्त नियमांचा. आयपीटेबल्सचे नियम आयपीव्ही६ ला लागतच नाहीत, त्यासाठी आयपी६टेबल्स वेगळी. नव्या एनएफटेबल्समध्ये दोन्ही एकत्र लिहिता येतात. बाहेरचं स्कॅन दोन्ही पत्त्यांवर करा.

तिसरी, राउटरमधलं यूपीएनपी. आतलं कोणतंही उपकरण न विचारता राउटरला पोर्ट उघडायला सांगू शकतं, आणि राउटर ऐकतो. ऑफिसात ते बंदच ठेवा. घरी गेमिंगसाठी चालू ठेवणार असाल तर राउटरच्या पानावर त्याने उघडलेल्या पोर्टांची यादी अधूनमधून पाहा.

बाहेर जाणारं ट्रॅफिक

इथे बहुतेक जण सगळं मोकळं सोडतात. लोकांच्या संगणकांबाबत ते समजू शकतो, सर्व्हरबाबत नाही. डेटाबेसच्या सर्व्हरला इंटरनेटवर हवं तिथे जाण्याचं कारणच काय? डिसेंबर २०२१ मध्ये लॉग४जे या नोंदी लिहिणाऱ्या जावा लायब्ररीचा दोष उघड झाला. त्यात फसलेला सर्व्हर हल्लेखोराच्या एलडॅप (माहितीची सूची देणाऱ्या) सर्व्हरला स्वतः फोन लावायचा आणि पुढचा कोड मागवून घ्यायचा. ज्यांच्या सर्व्हरना बाहेर जाण्याची मुभा नव्हती, त्यांच्याकडे हल्ल्याची ही नेहमीची वाट अर्ध्यावरच खुंटली.

सुरुवात तीन नियमांनी करा. २५ वर बाहेर फक्त मेल सर्व्हर जाईल. ५३ वर बाहेर फक्त तुमचा डीएनएस सर्व्हर जाईल, बाकीचे त्यालाच विचारतील. ४४५ इंटरनेटकडे कोणीच जाणार नाही. मग सर्व्हर एकेक घ्या: आठवडाभर फक्त नोंद ठेवा, कुठे जातोय ते पाहा, तेवढंच सोडा. एक मर्यादा लक्षात असू द्या. आकडा म्हणजे ओळख नव्हे. ४४३ वर वेब असतं, व्हीपीएन असू शकतं, डीएनएसही असू शकतं. पोर्टचे नियम तिथवरच पोचतात. त्यापुढे प्रॉक्सी (मध्यस्थ सर्व्हर) किंवा ट्रॅफिकच्या आत पाहणारी फायरवॉल लागते.

आतल्या आतही भिंती हव्यात. वॉनाक्राय एका संगणकातून शिरून सगळीकडे पसरला, कारण आत ४४५ सगळ्यांचा सगळ्यांना उघडा होता. कामाच्या एका संगणकाने दुसऱ्याची फाइल थेट उचलायची गरज क्वचितच असते; सगळे फाइल सर्व्हरकडे जातात. म्हणून प्रत्येक संगणकाच्या स्वतःच्या फायरवॉलवर ४४५ आणि ३३८९ आत येताना बंद करा, फक्त व्यवस्थापनाच्या एक-दोन संगणकांना मुभा द्या. कॅमेरे, प्रिंटर आणि पाहुण्यांचं वायफाय वेगळ्या व्हीलॅनमध्ये (त्याच नेटवर्कातला वेगळा पाडलेला कप्पा) टाका.

नोंदी आणि साफसफाई

विंडोजमध्ये फायरवॉलचा लॉग मुळात बंद असतो. प्रत्येक प्रोफाइलला जाऊन अडवलेल्या पॅकेटची नोंद चालू करावी लागते. फाइलची मर्यादा ४०९६ केबी असते, ती वाढवा, नाहीतर कामाच्या वेळी जुनं काही सापडत नाही. बाहेरून आदळणारा कचरा रोज वाचू नका, वेड लागेल. आतून बाहेर जाताना अडवलेलं मात्र प्रत्येक वेळी पाहा. एखादा प्रिंटर रात्री अडीच वाजता परदेशी पत्त्याच्या २३ वर जायला धडपडत असेल तर प्रिंटर छपाईपेक्षा वेगळं काही करतोय.

दर तीन महिन्यांनी दोन्ही याद्या नव्याने काढा आणि मागच्यांशी ताडून पाहा. आधी नसलेला पोर्ट दिसला तर त्याच दिवशी चौकशी. नियमांशेजारचे गणक पाहा. लिनक्सवर आयपीटेबल्सला एल, व्ही, एन दिलं की कोणत्या नियमातून किती पॅकेट गेली ते दिसतं. मात्र सर्व्हर रीस्टार्ट झाला की गणक शून्यावर येतात, तेव्हा कालच रीस्टार्ट झालेल्या सर्व्हरवरचा शून्य पाहून निकाल देऊ नका.

आता तो ८०८० चा 'टेस्ट' नियम. आधी ऐकणारा शोधा. कोणीच ऐकत नसेल तर नियम काढून टाका. ऐकणारा असेल पण धनी सापडत नसेल तर नियम सरळ पुसू नका. त्याच्या अगदी वर नोंद ठेवणारा नियम घाला आणि कोण येतंय ते दोन आठवडे पाहा. येणारे पत्ते तुमच्याच सर्व्हरचे निघाले तर धनीही सापडतो, मग स्रोत त्या पत्त्यांपुरता आवळा. सगळे पत्ते अनोळखी असतील, किंवा कोणीच येत नसेल, तर नियम निष्क्रिय करा, शेऱ्यात तारीख आणि तुमचं नाव लिहा, आणि महिनाअखेर उलटेपर्यंत थांबा. महिन्यातून एकदाच चालणारं एखादं काम या पोर्टवर अवलंबून असेल तर ते तेव्हाच ओरडेल.